मात न म्हणणारे दाजीपंत

दाजीपंत फारशींनी मला फसवलं. पुण्यात मला फसवणारा दुसरा माणूस झाला नाही, आणि हा एक झाला तो तिसऱ्या दिवशी मरून मोकळा झाला. लोक म्हणतात, रावजीने पंतांना हरवलं, शनिवारातल्या कुणाला जमलं नाही ते खराडीच्या माणसाने केलं. हे ऐकलं की माझ्या मस्तकात तिडीक जाते. त्या दिवशी मी डाव जिंकला की एक माणूस मारला, एवढंच मला कळायला हवं आहे. ते कळेपर्यंत मला कुणी शाबासकी देऊ नये.

माझ्याबद्दल सांगण्यासारखं थोडं आहे. खराडीहून आलो तो दुसऱ्याच्या पागेतली लीद काढायला. पुढे घोड्यांची दलाली धरली. दस्तऐवज दुसऱ्याकडून वाचून घेणारा दलाल बुडतो हे पाहिलं, म्हणून मोडी शिकलो. आज वाड्यावरच्या स्वारांखाली मी पारखलेली जनावरं आहेत. माझा धंदा तोंडं वाचण्याचा. घोड्याचं वय दातांवरून कळतं आणि घेणाऱ्याची निकड नाकपुडीवरून. हे मुद्दाम सांगतो, कारण मी याच विद्येने फसलो.

दाजीपंत हुजूर दफ्तरात फारसी पत्रं वाचत. उंच, हाडं मोजता येतील असे, आणि मान किंचित पुढे काढलेली, पलीकडच्या खोलीतलं बोलणं ऐकत असल्यासारखी. उजव्या हाताचं पहिलं बोट सतत चाललेलं असे. मांडीवर, खांबावर, कधी नुसतंच हवेत. ते बोट उजवीकडून डावीकडे जाई. काय लिहिताय, असं मी एकदा विचारलं तेव्हा म्हणाले, "लिहीत नाही, खोडतो आहे."

दफ्तरातून सुटले की दुपारी नदीकाठच्या देवळाच्या ओवरीत बुद्धिबळाचा पट पसरत. पंत ओवरीत बसत, मी खालच्या पायरीवर, आणि पट मधल्या उंबऱ्यावर. तशी बसायची रीत होती आणि मी त्यावर भांडलो नाही, कारण पायरीवरून समोरच्याचा चेहरा खालून दिसतो आणि खालून पाहिलेला चेहरा कमी खोटं बोलतो. तिसरे तिथे कायम असत ते गोविंदभट वैद्य. ते खेळत नसत. तपकिरीची चिमूट बोटात धरून पाहत बसत आणि दोघांनाही टोमणे मारत.

पंतांची पहिली खोड मला पहिल्याच दिवशी कळली. त्यांनी मला चाळीसेक खेळ्यांत असं कोंडलं की पुढच्या खेळीला माझा राजा संपणार हे आंधळ्यालाही दिसावं. मी वाट पाहत बसलो. पंतांनी खेळी केलीच नाही. माझ्या राजाच्या डोक्यावर बोट ठेवलं, रडणाऱ्या पोराच्या डोक्यावर ठेवतात तसं, आणि म्हणाले, "पुरे. पट उचला."

"पुरे कसं?" मी तापलो. "हरवलंय तर हरवा की! मात करा!"

पंतांनी चटकन माझ्याकडे पाहिलं. गोविंदभटांच्या बोटातली तपकीर सांडली.

"अहो रावजी," पंत म्हणाले, "घोडा अडीच घरं चालतो. बाजारात तुमचा जरा जास्त चालत असेल. पण जीभ त्याच्याही पुढे चालवू नये."

ते उठले, हौदाशी गेले आणि कोपरापर्यंत हात धुतले. कात्रजच्या तळ्यातून नळाने येणारं ते गार पाणी त्यांनी तीनदा तोंडावर घेतलं. मढं पोहोचवून आलेली माणसं तशी हात धुतात. मग मागे न पाहता घरी गेले. पुढे सात वर्षं मी पाहिलं, प्रत्येक डावानंतर हेच.

अर्धवट सौदा मला सोसत नाही. दुसऱ्या दिवशी मी त्यांना गाठून विचारलं, हा काय प्रकार आहे?

"मात करणं हे तुम्ही दिवसातून किती वेळा म्हणता?" त्यांनी उलट विचारलं.

"कोण मोजतो? ह्याने त्याच्यावर मात केली, त्याने ह्याच्यावर केली. बाजारात दुसरं बोलणं काय असतं?"

"तो शब्द आपला नव्हे. खेळ आपला. इथून इराणात गेला, तिथून अरबस्तानात. फिरून परत आला तेव्हा हा शब्द त्याच्याबरोबर आला. लेक सासरहून माहेरी यावी आणि तिच्या मागोमाग आणखी कुणीतरी उंबरा ओलांडावा, पण ते कुणाला दिसू नये, तसा."

"पण त्याचा अर्थ काय?"

"अरब सांगतात, मात म्हणजे मेला. शाह मात, राजा मेला. इराणी हसतात. ते म्हणतात, मेला कुठला, थिजला. त्याला हलता येत नाही, बोलता येत नाही, फक्त सगळं दिसतं आहे."

"खरं कुठलं?"

"मी दोघांचीही पत्रं वाचली. कुठलं अधिक वाईट, ते मला ठरवता आलं नाही."

मी कुणाच्या सांगण्यावर माल घेत नाही. पुढच्या खेपेला अरबी घोडे घेऊन सौदागर आला, त्याला खुणा करून विचारलं. वाटेत त्याचं एक शिंगरू गेलं होतं. त्याने जमिनीला हात लावला, डोळे मिटून दाखवले आणि म्हणाला, "मात." मग मी तो विषय काही दिवस सोडला. पण तोंडातली सवय सुटली नाही. अमक्याने अमक्यावर मात केली, हे मी म्हणतच होतो. शब्दाने कोण मरतं?

त्यानंतर दक्षिणेकडच्या एका सरदाराचा कारभारी पुण्यात आला. गडी घमेंडखोर होता. माझ्याकडून त्याने एक सबजी, करड्या रंगाची घोडी घेतली. इतकी शांत, की तिच्या पायात फटाका फोडला तरी कान हलवायची नाही. हा कारभारी ओवरीत येऊन बसला आणि पंतांना म्हणाला, "ऐकतो, आपण शेवट करत नाही म्हणून. येत नसेल शेवट!"

"येत नाही खरा," पंत म्हणाले. "थांबायला अक्कल लागते. मारायला काय, फक्त आपली पाळी लागते."

डाव झाला. कारभाऱ्याचा राजा कोपऱ्यात सापडला आणि पंतांनी नेहमीसारखं बोट त्याच्या डोक्यावर ठेवलं. "पुरे."

"म्हणा मात!"

"पट उचलावा."

"म्हणा! मी भिकाऱ्याची दया घेत नाही."

पंत हौदाकडे निघाले. कारभारी त्यांच्या पाठीमागून ओरडला, "मग मीच म्हणतो! मात! झालं? मेलो का मी?" आणि मोठ्याने हसला. आम्ही कुणी हसलो नाही. पंत हौदाशी उभे होते, हात पाण्यात होते, पण ते धूत नव्हते. नुसते पाण्यात धरून उभे होते.

चौथ्या दिवशी ती घोडी माझ्या दारात परत आली. बरोबरच्या स्वाराने हकीकत सांगितली. कात्रजचा घाट चढताना कारभारी पुढे होता. मागून हाका मारल्या, ओ नाही. अर्धा कोस तसेच गेले. मग एकाने घोडं पुढे काढून पाहिलं, तर धनी ताठ बसलेले, लगाम हातात, डोळे उघडे, आणि अंग थंड. घोडी एका चालीने चालत होती. "घोडीत खोट होती," असं त्याला म्हणायचं होतं. मी त्याला हाकलून दिला. मी तिचे दात, खूर, छाती सगळं पाहिलं. तिच्यात काही खोट नव्हती. मी खोटा माल विकत नाही.

पंतांना मी हे सांगितलं तेव्हा त्यांनी एवढंच विचारलं, "डोळे उघडे होते?"

"होते."

"म्हणजे इराणी खरे," ते म्हणाले आणि पटावर मोहरी मांडायला लागले.

त्या दिवशी मी त्यांना विचारलं, "पंत, तुम्ही हे कधी म्हटलंच नाही का?"

"एकदा. घरात." बोट हवेत चालू झालं, उजवीकडून डावीकडे. गोविंदभट एकाएकी म्हणाले, "ऊन फार झालं," आणि निघून गेले. मी पुढे विचारलं नाही. मला वाटलं, म्हाताऱ्या बापाला म्हटलं असेल.

माझ्या मनात मात्र एकच गोष्ट भरली. ह्या माणसाला हरवायचं. तेही प्याद्याने. प्याद्याने राजा संपवण्याइतका मान ह्या खेळात दुसऱ्या कशाला नाही, आणि मी, लीद काढून वर आलेला, मला प्यादंच शोभणार होतं. सात वर्षं मी त्या पायरीवर बसलो. ते शिकवत आणि मी चोरून शिकत असे.

चोरून म्हणजे असं. पंतांना एक खूण होती. मी एखादी खरोखर चांगली खेळी केली की ते शालीचं टोक ओढून कानावर घेत. भर उन्हाळ्यातही. त्यांना ठाऊक नव्हतं की ते असं करतात. निदान मला तसं वाटलं. घोडं घ्यायला आलेला माणूस कितीही तोंड वाकडं करो, त्याचा हात जनावराच्या मानेवरून निघत नाही, तसंच हे. मी मनाशी हसलो. म्हातारा सापडला. मग मी त्या शालीवर खेळू लागलो. उजवा उंट बाहेर काढला, शाल कानावर. तोच घट्ट धरला. हत्ती लवकर हलवला, शाल खांद्यावरच. ती चाल टाकून दिली. असं करत करत मी सबंध एक डाव बांधला, खेळीमागून खेळी, जिथे त्यांना भीती वाटते तिथूनच जाणारा.

गोविंदभट एकदा म्हणाले, "रावजीशेट, तुम्ही पटाकडे कमी आणि पंतांकडे जास्त बघता. सोयरीक करायची आहे का?"

"भटजी, माल बघू नये, मालक बघावा," मी म्हणालो.

पंत हसले. त्यांना हसताना मी फार थोडं पाहिलं. त्यांचं हसू ओठांपर्यंत येई आणि तिथे कुणीतरी थांबवल्यासारखं थांबे.

तो दिवस आला. हवा पडली होती. नदीचं पाणी हलत नव्हतं, देवळातला पिंपळ हलत नव्हता, आणि पिंपळ हलत नाही हे मी जन्मात प्रथम पाहिलं. पंत आधीच येऊन बसले होते. अंगावर धुतलेला अंगरखा. मी पहिलं प्यादं ढकललं आणि त्यांनी शाल कानावर घेतली. मग प्रत्येक खेळीला घेतली. माझ्या बांधलेल्या डावातली एकही खेळी चुकली नाही. ते जिथे जातील असं मी धरलं होतं, तिथेच ते जात होते. मला वाटलं, सात वर्षांची मेहनत फळाला आली. आज आठवतं की त्यांचं बोट त्या दिवशी स्थिर होतं. काही खोडत नव्हतं.

त्यांचा राजा कोपऱ्यात आला. शेजारी त्यांचाच उंट, पुढे त्यांचंच प्यादं, बाहेर माझा घोडा. माझं एक प्यादं एक घर पुढे सरकलं की खेळ संपणार होता. गोविंदभटांनी डाव सुरू झाल्यापासून एक टोमणा मारला नव्हता. माझा हात प्याद्याकडे गेला तेव्हा ते उठले, ओवरीच्या कडेला गेले आणि आमच्याकडे पाठ करून नदीकडे पाहत उभे राहिले.

"रावजी," पंत हळूच म्हणाले, "खेळी करा. पण म्हणू नका."

मला ओळखणाऱ्या माणसाने मला 'म्हणू नका' म्हणावं? गिऱ्हाइकाला घोडा घ्यायला लावायचा असेल तर मी काय करतो? म्हणतो, हा तुमच्यासाठी नाही, तुम्हाला झेपायचा नाही. हे सगळं मी जन्मभर दुसऱ्यांना केलं. आणि तेव्हा मला ओळखू आलं नाही. सात वर्षांचा राग उसळला. कारभाऱ्याला नाही, मला नाही, कुणालाच ह्याने शेवट दिला नाही, आणि आता स्वतःचाही राखून ठेवतो!

"हरलात ते हरलात, आता पळायला वाट कुठं हाय?" खराडीची बोली माझ्या तोंडी आली. मी प्यादं आपटलं. "मात!"

आवाज देवळात फिरला आणि परत आला. परत आला तो मला माझा वाटला नाही.

पंतांनी स्वतःच्या राजाच्या डोक्यावर बोट ठेवलं. मग माझ्याकडे पाहून दोन्ही हात जोडले. ओवरीत बसणाऱ्या ब्राह्मणाने पायरीवरच्या दलालाला जोडावेत तसे नव्हेत. ओझं उतरवून घेणाऱ्याला जोडतात तसे. ते उठले. मोहरी उचलली नाहीत. हौदावरून गेले, पण हात धुतले नाहीत. गल्लीच्या वळणावर मान पहिल्यांदा सरळ दिसली, पलीकडचं बोलणं ऐकू यायचं थांबल्यासारखी. तेच त्यांचं शेवटचं दर्शन.

तिसऱ्या दिवशी गोविंदभटांनी निरोप पाठवला, दाजीपंत गेले. मी धावत त्यांच्याकडे गेलो. "कशाने?" "वय झालं होतं," ते म्हणाले आणि माझ्याकडे न पाहता औषध खलू लागले.

दिवस उरकल्यावर मी मोहऱ्यांची थैली परत करायला पंतांच्या घरी गेलो. त्या घराचा उंबरा मी सात वर्षांत पाहिला नव्हता. घरात त्यांची विधवा बहीण, यमुआक्का. दारातूनच तिने विचारलं, "तुम्हीच का ते, ज्यांनी म्हटलं?"

मी थैली पुढे केली.

"दादा तीन दिवस भिंतीला टेकून बसला होता. बोलला नाही. डोळे उघडे होते. थैली तिथे पडवीत ठेवा, आणि आत पाहायचं ते पाहून घ्या. तुम्हाला दाखवायचं, असं त्याने आधीच सांगून ठेवलं होतं."

पडवीला लागून एक लहान खोली होती. कोनाड्यात पाटावर एक कापडी पट मांडलेला होता, त्यावर मोहरी. वर धूळ इतकी की राजा आणि वजीर एका रंगाचे झालेले. मी वाकून पाहिलं. कोपऱ्यात राजा. शेजारी उंट, पुढे प्यादं, बाहेर घोडा. आणि राजाला संपवणारं प्यादं, त्याच घरात. एकही मोहरं इकडचं तिकडे नव्हतं. माझा डाव. मी बोट टेकवून पाहिलं, धूळ नखाएवढी जाड होती. सात वर्षांत एवढी बसत नाही. दात घासून घोडा तरणा दाखवता येतो, पण धूळ म्हातारी करता येत नाही.

"हा कुणाचा डाव?"

"वहिनीचा. चाळीस वर्षं झाली. दादाने तिला खेळ शिकवला. ती चांगली खेळायला लागली, दादाला घाम फोडायची. त्या दिवशी तो प्याद्याने जिंकला आणि हसत ओरडला, तुम्ही ओरडलात ते. वहिनीने पटाकडे पाहिलं. पाहतच राहिली. तीन दिवस तशीच. मग गेली."

"आणि हा पट?"

"आम्ही उचलत होतो. गोविंदभटांनी उचलू दिला नाही. तेव्हा ते तरणे होते, तेच नाडी पाहायला आले होते. म्हणाले, पट असू द्या, ती शुद्धीवर येईल तेव्हा तिला तिचा डाव सापडला पाहिजे. तीन दिवस ते ह्याच खोलीत बसून होते, समोर पट ठेवून. ती गेल्यावर दादाने कुणाला त्याला हात लावू दिला नाही."

मी बाहेर उन्हात आलो. सात वर्षं मी खेळलोच नव्हतो. पंत स्वतः बायकोच्या जागी बसले होते आणि त्यांच्या जागेवर मला बसवलं होतं. शालीच्या टोकाने मला एकेक पाऊल चालवत त्यांनी तो जुना डाव माझ्याकडून मांडून घेतला. जो शब्द त्यांना स्वतःवर म्हणता आला नाही, तो म्हणण्यासाठी त्यांना एक तापट माणूस हवा होता. आता बाजारात कुणी म्हणालं, "रावजीने मात केली," की मी त्याच्या डोळ्यांकडे पाहतो, ते हलतात का. परवा एका सौदागराने मला जिंकल्याबद्दल पान दिलं, ते मी हातातही घेतलं नाही. हौदाशी जाऊन हात धुतले. कोपरापर्यंत.

पंतांना मी विचारू शकत नाही. पण गोविंदभट, तुम्ही जिवंत आहात. हल्ली मला पाहिलं की तुम्ही गल्ली बदलता. तो पट तुम्ही तीन दिवस डोळ्यांसमोर ठेवला होता. ओवरीत सात वर्षं तो पुन्हा जमत होता आणि तो ओळखणारे तुम्ही एकटे होतात. माझा हात प्याद्यावर गेला तेव्हा 'थांब' एवढं म्हणायला तुम्हाला काय लागलं असतं? तुम्ही उठलात, कारण काय होणार ते तुम्हाला ठाऊक होतं. पंतांनी तुम्हाला शपथ घातली होती की तुम्हालाच ते सुटावेत असं वाटत होतं?

उद्या सकाळी मी तुमच्या ओसरीवर येऊन बसणार आहे, आणि उत्तर मिळेपर्यंत उठणार नाही. दाजीपंतांना कुणी मारलं ते सांगा. मी, त्यांनी स्वतः, की तुम्ही? आणि सांगताना माझ्याकडे पाठ करू नका.